बाबांना सांगितलेलं पदार्थविज्ञान

बाई गेल्याचा फोन आला तेव्हा मी अंगणात उडदाच्या वड्या घालत बसले होते. दोन्ही हात डाळीनं भरलेले, म्हणून सुनेनं फोन माझ्या कानाला लावला. पलीकडे शुभदा होती. ती बाईची जुनी विद्यार्थिनी, आता स्वतःच नागपूरला बाईच्याच विभागात शिकवते. "मावशी, बाई गेल्या हो सकाळी… चहा घेतला, खुर्चीत बसल्या आणि बसल्याच राहिल्या," एवढं म्हणून ती रडायला लागली. मी "बरं" म्हटलं. दुसरं काय म्हणणार? वाटलेली डाळ तशीच ठेवली तर आंबते, म्हणून उरलेल्या वड्या घातल्या, हात धुतले, आणि मग माजघरात जाऊन चांगली मोठ्यानं रडले. माझी ती मोठी बहीण. आमच्या झाडीपट्टीत, वैनगंगेकाठच्या मुलखात, मोठ्या बहिणीला बाई म्हणतात म्हणून ती आमची बाई, आणि जन्मभर कॉलेजात शिकवलं म्हणून पोरापोरींचीही बाईच. वत्सला हे नाव फक्त पोस्टमनच्या कामाचं होतं.

याला आता महिना होऊन गेला. मी काही लिहिणार नव्हते. पण वर्तमानपत्रांत जे छापून आलं ते वाचून माझं डोकं फिरलं. ज्येष्ठ भौतिकशास्त्रज्ञ, अणुगर्भाच्या अभ्यासक, विद्यार्थिप्रिय वगैरे… इथपर्यंत ठीक. पुढे काय, तर चामोर्शीकडच्या मागास खेड्यात जन्मून, बुरसटलेल्या वडिलांचा विरोध मोडून काढून त्या शिकल्या! कोणी सांगितलं यांना? मी अजून जिवंत आहे, प्राथमिक शाळेत पोरांना बाराखडी शिकवता शिकवता म्हातारी झाले, मला लिहितावाचता येतं, फोनही आहे माझ्याकडे. एकानं तरी विचारायचं. बाबांनी विरोध केला, हे खरं. पण तो बाईनं मोडून काढला नाही. जे झालं ते वेगळंच झालं, आणि मी गेल्यावर ते सांगायला कोणी उरणार नाही, म्हणून ही उठाठेव.

आमचं गाव चामोर्शीपासून लांब नाही. घरचे धान, शेताला पाणी पुरवणारी लहानशी बोडी, बैलजोड्या, खाऊनपिऊन सुखी घर. बाबा चौथी शिकलेले. आवाज मोठा, राग नाकावर, आणि बोलण्याची भारी हौस. चामोर्शीच्या बाजाराला गेले की सौदा राहायचा बाजूला, गप्पाच जास्त. बाई पहिल्यापासून अभ्यासात पुढे. गावची शाळा संपली, चामोर्शीची संपली, तेव्हा मामा आला आणि तिला चांद्याला घेऊन गेला. चंद्रपूरला आम्ही तेव्हा चांदाच म्हणायचो. मामा तिथे जंगलखात्याच्या ऑफिसात कारकून होता, त्याला लेकरं नव्हती, आणि भाचीत त्याचा जीव. तिथून बाई मॅट्रिक झाली, चांगली पहिल्या वर्गात. आता पुढे काय? आपण त्या वेळी मध्यप्रदेशात होतो, नागपूर राजधानी, कॉलेज म्हटलं की नागपूरच. बाईच्या डोक्यात सायन्स पक्कं बसलेलं. डोंग्यातून वैनगंगा ओलांडून मामा तिला घेऊन गावी आला, ओसरीवर टेकला, पाणी प्याला आणि म्हणाला, "भाऊजी, पोरीले नागपूरले पदार्थविज्ञान शिकाचं हाये."

आज भौतिकशास्त्र म्हणतात. तेव्हा शाळेच्या पुस्तकांवर पदार्थविज्ञान हाच शब्द असायचा. बाबांचा चेहरा असा काही खुलला! "पदार्थ? हे बेस झालं. मी म्हणून राह्यलो होतो, पोरीच्या जातीले कॉलेजात काय शिकवत असन. पदार्थ शिकवत असन तर काऊन नाई? सासरी कामी पडन." मामानं बाईकडे पाहिलं, बाईनं मामाकडे पाहिलं. दोघंही काही बोलले नाहीत, आणि त्या न बोलण्यावर बाई नागपूरला गेली.

पुढची काही वर्षं बाबांनी बाजार गाजवला. "आमची पोट्टी नागपुरात पदार्थाच्या कॉलेजात हाये," हे त्यांनी कोणाला सांगितलं नसेल? धान विकणाऱ्याला, घेणाऱ्याला, न्हाव्याला, मोटारीच्या ड्रायव्हरला. कोणी विचारलं, काय काय कराले शिकवते जी, तर म्हणायचे, "नागपूरचे पदार्थ ते, तुमाले सांगून काय समजते?" मायला मात्र शंका यायची. एका दिवाळीत बाई सुटीवर आली तेव्हा मायनं अनारशाचं पीठ तयार ठेवलं आणि म्हणाली, आता तळायचं तू. बाईनं पहिला अनारसा तुपात सोडला आणि तो हसला. अनारसा कढईत विरून पसरला की तो हसला म्हणतात. दुसरा हसला, तिसरा हसला, कढईभर नुसतं हसू! मी तोंडात पदर कोंबून बसले होते. माय म्हणाली, "हेच शिकवते का वो तुले नागपुरात?" बाई म्हणाली, "आधी पुस्तकच शिकवतात माय, हाताचं काम मागून." बाबांनी तो चुरा वाटीत घेतला, चमच्यानं खाल्ला, आणि नवीन पदार्थ आहे म्हणून शेजारीही पाठवला.

आम्ही हसलो खूप, पण बाई हसत नव्हती. दुसऱ्या दिवशी बोडीवर कपडे धुताना ती मला म्हणाली, "सुमे, मी बाबाले फसवून राह्यली." मी म्हटलं, तू कुठं काय म्हटलंस? तेच म्हणाले पदार्थ. "म्हणूनच तर," ती म्हणाली आणि लुगडं असं आपटलं की माझ्या तोंडावर पाणी उडालं. तेव्हा मला ते कळलं नव्हतं.

ती बी.एस्सी. झाली त्या उन्हाळ्यात अहेरीहून पाहुणे आले. मुलगा तिथे जंगलाच्या ऑफिसात नोकरीला, दिसायला बरा, सोबत त्याची आई आणि काका. घर सारवलेलं, माय सकाळपासून चुलीशी, बाबा नवीन धोतर नेसून ओसरीवर. बाई पोह्यांचं ताट घेऊन आली. मुलाची आई कौतुकानं म्हणाली, "पदार्थाचं शिकली म्हणतात पोरगी. बाजारात समदे सांगतात. मंग आज तिच्या हातचं काहीतरी नागपुरी खाऊनच जाऊ आम्ही." बाबा दाढी कुरवाळत हसले. बाईनं ताट खाली ठेवलं. मी दाराआडून बघत होते. तिचा आवाज स्पष्ट होता. "हे पोहे मायनं केले. मले स्वयंपाक येत नाई," ती म्हणाली. "मी पदार्थ कराले शिकली नाई, पदार्थविज्ञान शिकली. हे पदार्थ खाचे नसतात. दगड, पाणी, लोखंड, हवा, समदेच पदार्थ. ते कशाचे बनले, कसे हलतात, तापले म्हणजे काय होते, ते शिकली मी." काका म्हणाला, "म्हणजे पोरगी दगड शिजवते का?" सगळे हसले. मुलगाही हसला. बाबा तेवढे हसले नाहीत.

पाहुण्यांनी पोहे खाल्ले, पानसुपारी घेतली, गोड बोलून गेले. गाडी दिसेनाशी झाली आणि मी जीव मुठीत धरून बसले, कारण आता बाबांचा आवाज गावभर ऐकू येणार. पण तो आलाच नाही. ते ओसरीवर खाली मान घालून बसले होते. मग त्यांनी बाईला समोर बसवलं आणि इतक्या हळू विचारलं की त्याचीच भीती वाटली. "तुह्या मामाले माहीत होतं?" बाई म्हणाली, हो. "म्हणजे फक्त मलेच नाई." बाई म्हणाली, "तुमाले सांगितलं असतं तर तुम्ही नाई म्हटलं असतं, बाबा." त्यावर बाबांनी मान वर केली. "म्हटलंच असतं! पण ते मले म्हणाचं होतं. माह्या वाटची नाई तूच म्हणून टाकली, अन् मले बाजारात बोंबलाले मोकळं सोडलं." त्याचं उत्तर मला इतक्या वर्षांत सापडलं नाही. बाबा उठता उठता म्हणाले, "आता म्हणतो. नाई. बस झालं तुहं शिकणं." आता सांगा, यात बुरसटलेलं काय आहे? माणूस दुखावला होता आणि त्याला दुखावायला जागा होती.

त्या वर्षी एम.एस्सी.चे प्रवेश सुरू झाले आणि संपले. नागपूरच्या तिच्या मैत्रिणी पुढच्या वर्गात गेल्या. इकडे ती गोष्ट अहेरीहून चामोर्शीला पोचायला वेळ लागला नाही. बाबा बाजारात दिसले की कोणीतरी हाक मारायचंच, "काऊन जी भाऊ, दगड शिजला का?" ज्या माणसाचा बोलण्यावर जीव, त्यानं बाजाराला जाणंच सोडलं. मीठ, तेल, तंबाखू, सगळं गड्याकडून मागवायचे. घरातही गप्प. मला बाबांचा राग यायचा आणि त्यांच्याकडे पाहवायचंही नाही, दोन्ही एकाच वेळी.

बाई मात्र रडत बसली नाही. रोवणा लागला तशी लुगडं खोचून बांधीत, म्हणजे धानाच्या खाचरात, उतरली, सगळ्या बायकांसारखी. धानाचं रोवणं म्हणजे वाकून चिखलात रोप खोचत मागे मागे सरकायचं. बायका गाणी म्हणायच्या, बाईचे ओठ हलायचे पण गाणं ऐकू येत नव्हतं. मी विचारलं, काय पुटपुटतेस? म्हणाली, "गणित करून राह्यली. या धुऱ्यावर सुरू केलं का त्या धुऱ्यापर्यंत डोक्यात ठेवाचं. मधात हरवलं तर पुन्हा पयलेपासून." कितीदा हरवायचं तिचं, आणि कितीदा ती स्वतःवरच चिडून चिखलात पाय आपटायची! पण धान कापणीला येईस्तोवर मोठमोठी गणितं ती एका दमात बांधीच्या या टोकाहून त्या टोकाला न्यायला लागली होती.

आणि रोज संध्याकाळी एक गोष्ट व्हायची. बाबांचं जेवण झालं, त्यांनी हात धुतले, की ती समोर येऊन उभी राहायची. "बाबा, मले नागपूरले जाऊन पदार्थविज्ञानात एम.एस्सी. कराची हाये. जाऊ का?" बाबा म्हणायचे, "नाई." ती म्हणायची, "बरं." आणि ताट उचलायची. तेवढंच. भांडण नाही, रडणं नाही, मायला मध्ये घालणं नाही. निंदण झालं, कापणी झाली, खळ्यावर बैलांच्या पायाखाली धानाचा चुरणा झाला, मोहाची फुलं गळायला लागली, तरी रोज तेच. मायनं तर डोक्याला हात लावला, "तोंड दुखत नाई का वो तुमा बापलेकीचं?" मी एकदा बाईला म्हटलं, तेच ते विचारून काय मिळतं तुला? ती म्हणाली, "त्याइची नाई मी आधी ऐकलीच नव्हती सुमे. आता ऐकून राह्यली. जितकी असन तितकी ऐकीन." मामा एकदा आला होता. तो तिला हळूच म्हणाला, मी फी भरतो, चल माझ्यासोबत, नंतर समजूत काढू. बाईनं त्याला तिथल्या तिथे हात जोडले. एकदा मागच्या दारानं गेले, आता जाईन तर पुढच्या दारानं जाईन, असं म्हणाली. नाहीच जाऊ दिलं तर, मामानं विचारलं. तर उद्या पुन्हा विचारीन.

उन्हाळ्यात तिला हिवतापानं धरलं. आमच्याकडे तो यायचाच, पण या वेळी जोरात आला. खाटेवर गोधडी घेऊन पडली होती. संध्याकाळी बाबा जेवले, हात धुतले आणि तिथेच उभे राहिले. हातावरचं पाणी वाळलं तरी उभे. मग ओसरीवर गेले, परत आत आले, पुन्हा गेले. शेवटी खाटेजवळ येऊन म्हणाले, "आज इचारलं नाई?" बाईनं डोळे उघडले. "ताप हाये, बाबा. अन् थकली बी." बाबा म्हणाले, "तापानं थकली का माह्यानं?" "दोघानं," बाई म्हणाली. बाबा खाटेच्या पायथ्याशी बसले. मला वाटलं हे आता रडतात की काय… पण ते म्हणाले, "हे पदार्थविज्ञान म्हणजे असते तरी काय? मले अजून कोणी सांगितलंच नाई."

आणि खरंच, कोणी सांगितलं नव्हतं. पाहुण्यांना सांगितलं, त्यांना नाही. बाई उठून बसली. कोपऱ्यात माठ होता, तिकडे बोट दाखवून म्हणाली, "त्यातलं पाणी गार काऊन असते, सांगा." बाबा म्हणाले, "माठात असते म्हणून." मग तापानं लाल झालेल्या डोळ्यांनी बाईनं सांगायला सुरुवात केली. पाणी म्हणजे बारीक कण, सगळे धावत असतात, कोणी जोरात, कोणी हळू. माठ पाझरतो आणि जोरात धावणारे कण बाहेरच्या बाहेर उडून जातात, जाताना ऊब घेऊन जातात, मागे हळू धावणारे राहतात, म्हणून पाणी गार. बाबांनी मध्येच अडवलं, "थांब. मागं जा." ती मागे गेली. पुन्हा अडवलं, पुन्हा मागे. शेवटी ते उठून माठाजवळ गेले, त्याच्या ओल्या पोटावर हात ठेवला आणि बराच वेळ तसाच ठेवला. "बाप्पा!" एवढंच म्हणाले. मग खाटेकडे वळून म्हणाले, "इचार." बाईनं विचारलं, "बाबा, जाऊ का?" "जा," बाबा म्हणाले. "पण जे शिकशीन ते इथी येऊन मले सांगाचं. समजो न समजो. मले अंधारात ठेवून आता काई शिकाचं नाई." मी तिथेच रडायला लागले, तर माय मला म्हणाली, तुला कुठं ताप आहे.

पुढच्या बाजाराला बाबा स्वतः गेले. मी सोबत होते. ओळखीच्या दुकानातून हाक आलीच, "भाऊ, दगड शिजला का?" बाबांनी पिशवी खाली ठेवली, सावकाश तंबाखू मळली आणि म्हणाले, "शिजून राह्यला. कडक हाये ना, टाइम लागते." दुकानदारच आधी हसला. त्यानंतर तो प्रश्न कोणी विचारला नाही, किंवा विचारला असेल तर बाबांना त्याचं काही वाटलं नाही.

बाईनं शब्द पाळला. दर सुटीत ओसरीवर बाबा अंबाडीचा दोर वळत बसायचे आणि ती समोर बसून सांगायची. पहिल्या सुटीत आल्याबरोबर तिनं सांगितलं की ती थिअरी घेते आहे, म्हणजे यंत्रं-प्रयोग नाहीत, सगळं कागदावरच्या गणितानं शोधायचं. का, तर प्रयोग संध्याकाळी उशिरापर्यंत चालत आणि मुलींच्या वसतिगृहाचं फाटक दिवेलागणीला बंद होई. कोणीतरी साहेब तिला म्हणाले होते, मुलींना हेच बरं, कागद-पेन्सिलीचं काम. आम्हाला वाटलं ती चिडली असेल. ती चिडलीच होती, पण म्हणाली, "बांधीत मी बिनकागदाचं केलं बाबा. हे तर कागद देऊन राह्यले." बाबांनी तिला उजेडाबद्दल विचारलं, विजेबद्दल विचारलं, आकाशातल्या गडगडाटाबद्दल विचारलं. त्यांना सगळं समजायचं असं मुळीच नाही. निम्मं डोक्यावरून जायचं, कधी दोर वळता वळता डोळा लागायचा. पण जागे झाले की पहिला शब्द तोच, "मागं जा."

एम.एस्सी. झाली, त्याच कॉलेजात शिकवायला लागली, तोवर आपण मुंबई राज्यात गेलो होतो. मग अणूच्या गाभ्यावरचं तिचं संशोधन सुरू झालं. ते संपत आलं होतं, आता नीट लिहून द्यायचं तेवढं बाकी, तेव्हा ती बाबांना सांगायला आली. गाभ्यात कण असतात, ते एकमेकांना जबरदस्त ओढतात, म्हणून गाभा फुटत नाही. बाबांनी विचारलं, "इतके ओढतात तर एकमेकात घुसून काऊन नाई जात?" बाई म्हणाली, फार जवळ आले की तेच ढकलायला लागतात. असं म्हणाली आणि थांबली. लगेच बाबांना ऋषी करू नका, हा प्रश्न कोणीही विचारला असता. पण उत्तर देता देता तिच्याच लक्षात आलं की हे ढकलणं तिनं आपल्या गणितात एका ठिकाणी किरकोळ म्हणून सोडून दिलं होतं आणि ते किरकोळ नव्हतं. सगळं पुन्हा करावं लागणार होतं. मी म्हटलं, कोणाला कळणार आहे? माझ्याकडे तिनं असं पाहिलं की मी आत गेले. दुसऱ्या सकाळी ती डोंग्यानं निघाली, सुटी उरलेली असताना, आणि पुढचं सगळं वर्ष तिनं तेच गणित पहिल्यापासून केलं. डॉक्टरेट मिळाली तेव्हा बाबांनी गावात पेढे वाटले आणि सांगितलं की पोरीनं एकदा चुकून पुन्हा केलं. चुकल्याचं ते जास्त अभिमानानं सांगायचे.

लग्न तिनं केलं नाही. का, म्हणून मला विचारू नका, करायचं नव्हतं. शिकवलं मात्र जीव ओतून. तिच्या वर्गाची एक रीत होती, तिला पोरं घाबरायची. नवीन काही शिकवलं की म्हणायची, घरी जाऊन कोणाला तरी सांगा, आईला, आजीला, शेजाऱ्याला, आणि त्यांनी काय विचारलं ते मला येऊन सांगा. इंग्रजीत पाठ करून आलेली हुशार पोरं तिथेच आडवी व्हायची. शुभदाचे वडील शिंपी होते. ती सांगायची, मशीन चालवता चालवता ते माझं ऐकायचे, आणि मला काय समजलं नाही ते मला त्यांच्यासमोर समजायचं.

बाबा गेले तेव्हा बाई पंधरवडाभर घरी होती. परत नागपूरला जायच्या आदल्या संध्याकाळी मी ओसरीवर तांदूळ निवडत होते, ती येऊन समोर बसली आणि काहीतरी सांगायला लागली, गाभ्याचं, कणांचं. मी ऐकत राहिले. मध्येच म्हणाली, "तू अडवत काऊन नाई?" मी म्हटलं, मला अडवण्याइतकंही समजलं नाही. "मंग तेच म्हण," ती म्हणाली. तेव्हापासून मी ऐकणारी झाले. सुटीत ओसरीवर, आणि घरात फोन आला तेव्हापासून दर रविवारी फोनवर. सांधे दुखायला लागले, निवृत्त झाली, डोळ्यांचं ऑपरेशन झालं, पण तिचं गणित थांबलं नाही आणि रविवार चुकला नाही. शेवटच्या रविवारी ती मला सांगत होती की काही अणूंचे गाभे गोल असतात आणि काही लांबट, शेंगेसारखे. लांबट गाभा गरगर फिरतो. गोल मात्र तसा फिरतच नाही. मी म्हटलं, थांब, गोल काऊन नाई फिरत? गोल तर आणखी सोपा फिरायला. ती हसली. "तेच तर हाये मजेचं," म्हणाली. "पण आज दम लागून राह्यला सुमे. पुढचं रविवारी."

गेल्या आठवड्यात शुभदा भेटायला आली. बाईची शाल आणि चष्मा घेऊन आली होती, ते मी आत ठेवून दिलं. ओसरीवर बसलो, चहा झाला, दोघींचं रडून झालं. मग मी तिला म्हटलं, शुभदा, गोल गाभा का फिरत नाही? ती दचकलीच. "बाईंनी तुम्हाला हे सांगितलं होतं?" म्हणाली. मी म्हटलं, अर्धं सांगितलं. उरलेलं तू सांग. तिनं माझा हात हातात घेतला आणि फार मायेनं म्हणाली, "मावशी, ते खूप अवघड आहे हो. या वयात कशाला डोक्याला त्रास? तुम्हाला नाही समजणार."

मी हात सोडवून घेतला. इतका राग मला कित्येक वर्षांत आला नसेल. म्हटलं, "मले समजत नाई, हे मले म्हणू दे. ते तू ठरवू नको. तू सांग."

ती खुर्ची सोडून खाली माझ्यासमोर बसली आणि सांगायला लागली. गोल वस्तू कुठूनही सारखीच दिसते, फिरली काय न फिरली काय, काही फरकच पडत नाही, आणि इतक्या बारीक जगात ज्यानं काहीच फरक पडत नाही ते घडलं असं म्हणताच येत नाही… असं काहीतरी. मध्ये इंग्रजी शब्द यायला लागले, बोलणं घाईचं झालं. मी म्हटलं, "थांब. मले समजलं नाई. मागं जा." ती मागे गेली. पुन्हा सांगितलं. ऊन ओसरीवरून अंगणात उतरेपर्यंत आम्ही दोघी तिथेच होतो, आणि शेवटी तिची एस.टी. निघायची वेळ झाली.

मला अजून समजलेलं नाही. रविवारी शुभदा फोन करणार आहे.